शिंकेने फुटलेली चौकट : कॉमिक्स, चित्रपट आणि विज्ञानकथा यांचा एक सामाईक इतिहास

१/
२४ सप्टेंबर १९०५. ‘न्यूयॉर्क हेरल्ड’ या वृत्तपत्राच्या रविवारच्या पानांत सहा चौकटींची एक चित्रमालिका छापून आली. पार्श्वभूमी कोरी. मध्यभागी एक लहान मुलगा. त्याचे नाक हुळहुळते, डोळे बारीक होतात, तोंड वासत जाते. चार चौकटी नुसती तयारी चाललेली असते. पाचव्या चौकटीत शिंक येते आणि चित्राभोवतीची काळी रेघच तडकून फुटते. सहाव्या चौकटीत त्या रेघेचे तुकडे अंगाखांद्यावर घेऊन मुलगा भांबावून बसलेला दिसतो.

२/
मालिकेचे नाव ‘लिटल सॅमी स्नीझ’ आणि चित्रकार विन्सर मॅके. एरवी कथानक ठरलेले असे. सॅमीला शिंक येणार, तिने दुकान, पंगत, मिरवणूक जे काही समोर असेल त्याची दाणादाण उडणार आणि शेवटी पोराच्या ढुंगणावर लाथ बसणार. त्या रविवारी मात्र उधळून लावायला भोवती काहीच नव्हते, म्हणून शिंकेने चौकटच उडवली.

शंभराहून अधिक वर्षांपूर्वीचा हा पोरखेळ म्हणून पान उलटता येईल. स्कॉट बुकॅटमन यांनी ते उलटले नाही. स्टॅनफर्ड विद्यापीठातील चित्रपट व माध्यमांच्या या प्राध्यापकांनी तीन दशके विज्ञानकथा, चित्रपट आणि कॉमिक्स यांवर पुस्तके लिहिली. या तिन्हींत माणसाच्या शरीराचे नेमके काय होते, हा त्यांच्या लेखनातला पुन्हा पुन्हा येणारा प्रश्न आहे. हा धागा त्या प्रश्नाच्या इतिहासाविषयी.

३/
सॅमीची शिंक समजण्यासाठी थोडे मागे जायला हवे. १८७८ साली कॅलिफोर्नियातील पालो आल्टो येथे, रेल्वेसम्राट लेलँड स्टॅनफर्ड यांच्या अश्वपैदास केंद्रावर एडवर्ड मायब्रिज या छायाचित्रकाराने ओळीने कॅमेरे मांडले आणि दौडत्या घोड्याचे क्षणाक्षणाचे चित्र पकडले. घोड्याचे चारही पाय एकाच वेळी जमिनीपासून सुटतात का, या जुन्या वादाचा निकाल त्या छायाचित्रांनी लावला. (त्याच जमिनीवर पुढे स्टॅनफर्ड विद्यापीठ उभे राहिले. बुकॅटमन शिकवतात ते हेच.)

४/
तिकडे फ्रान्समध्ये शरीरशास्त्रज्ञ एत्येन-ज्यूल मारे यांना घोड्याच्या कुतूहलापेक्षा गतीचे गणित हवे होते. १८८२ साली त्यांनी बंदुकीच्या घडणीचा एक कॅमेरा बनवला. तो एका सेकंदात बारा चित्रे टिपत असे. पुढे त्यांनी माणसांना नखशिखांत काळे कपडे चढवले, हातापायांवर पांढऱ्या पट्ट्या लावल्या आणि काळ्या पडद्यासमोर चालायला, पळायला, उड्या मारायला लावले. छायाचित्रात माणूस नाहीसा झाला. उरल्या त्या फक्त सरकत जाणाऱ्या पांढऱ्या रेषा.

देह गेला आणि आलेख राहिला.

५/
या आलेखाचा उपयोग कुणाला होता? कारखानदाराला आणि सेनापतीला. मजुराने फावडे कसे उचलावे, सैनिकाने किती अंतराचे पाऊल टाकावे, कोणत्या हालचालीत श्रम वाया जातात, हे आता मोजता येणार होते. फ्रेडरिक टेलर यांचे ‘शास्त्रीय व्यवस्थापना’वरचे पुस्तक १९११ साली आले. फ्रँक व लिलियन गिलब्रेथ या दांपत्याने तर कामगारांच्या हातांना छोटे दिवे बांधून त्यांच्या हालचालींच्या प्रकाशरेषा छायाचित्रात उमटवल्या. चित्रपटाचा जन्म ज्या घराण्यात झाला, त्याच घराण्यात घड्याळ हातात धरलेला मुकादमही जन्मला.

६/
आणि शिंक? १८९४ च्या जानेवारीत एडिसनच्या प्रयोगशाळेत फ्रेड ऑट नावाच्या कर्मचाऱ्याला कॅमेऱ्यापुढे शिंकायला लावण्यात आले. अमेरिकेतील अगदी प्रारंभीच्या चित्रफितींपैकी ही एक. स्वामित्वहक्कासाठी ती ४५ स्थिर चित्रांच्या रूपात नोंदवली गेली. शिंकेसारखी बेबंद गोष्ट पंचेचाळीस समान घरांत नीट कापून ठेवलेली!

मॅकेंचा सॅमी या नोंदीची थट्टा आहे, अशी बुकॅटमन यांची मांडणी आहे. चौकटीमागून चौकट, तीच जागा, तेच अंतर, तोच कोन. मांडणी हुबेहूब मारेंच्या प्रयोगाची. मात्र प्रयोगात जे अपेक्षित नाही तेच येथे घडते. मोजले जाणारे शरीर मोजपट्टीच मोडून टाकते.

७/
मॅके हे काही बंडखोर विचारवंत नव्हते, हे येथे लक्षात ठेवले पाहिजे. त्यांची उमेदवारी सिनसिनाटीतील एका ‘डाइम म्युझियम’मध्ये झाली. दहा सेंटांत अजस्र आणि विचित्र गोष्टी दाखवणारा तो कायमचा जत्रेतला तंबूच म्हणायचा. त्याच्या जाहिरातींचे फलक मॅके रंगवत. लोकांना थांबवायचे, डोळे विस्फारायला लावायचे, हे शिक्षण त्यांना तेथे मिळाले. १९०३ मध्ये ते न्यूयॉर्कला आले आणि १५ ऑक्टोबर १९०५ रोजी, सॅमीच्या त्या शिंकेनंतर अवघ्या तीन आठवड्यांनी, त्यांची ‘लिटल नेमो इन स्लम्बरलँड’ सुरू झाली.

८/
नेमो रोज रात्री झोपतो, निद्रानगरीत जातो आणि शेवटच्या छोट्या चौकटीत दचकून जागा होतो. बहुतेक वेळा पलंगावरून पडून. बस्स, एवढेच कथानक. परंतु त्या पानभर रंगीत चित्रांत आकार, अंतर, वजन यांपैकी एकही गोष्ट जागची हलल्याशिवाय राहत नाही. २६ जुलै १९०८ च्या पानावर नेमोच्या पलंगाचे पाय लांबत जातात. पलंग खोलीबाहेर पडतो आणि शहरातल्या इमारतींवरून ढांगा टाकत चालू लागतो. अनेक पानांवर प्रसंग उंचावला की चौकटीही उंचावतात, जणू कागदालाच स्वप्न पडले आहे.

मुलाला मात्र दर आठवड्याला जागे व्हावेच लागते. आई किंवा वडील हाक मारतात, झोप म्हणतात किंवा ऊठ म्हणतात. ही शेवटची चौकट बुकॅटमन विसरत नाहीत. ‘द पोएटिक्स ऑफ स्लम्बरलँड’ हे त्यांचे २०१२ चे पुस्तक याच दोन टोकांवर उभे आहे : एकीकडे चैतन्याने सळसळणारे जग आणि दुसरीकडे त्याला वेसण घालणारी दिनचर्या.

९/
१९११ मध्ये मॅकेंनी सुमारे ४,००० चित्रे हाताने काढून नेमोला पडद्यावर हलवले. १९१४ च्या फेब्रुवारीत त्यांनी जे केले ते याहून अचाट होते. ते शिकागोच्या रंगमंचावर चाबूक घेऊन उभे राहिले. मागच्या पडद्यावर ‘गर्टी’ नावाची रेखाटलेली डायनोसॉर. मॅके हुकूम देत : बाहेर ये, प्रेक्षकांना नमस्कार कर, पाय उचल. गर्टी काही ऐके, काही न ऐके. दरडावले की रडे. मॅके तिच्याकडे फळ फेकल्याचा आव आणत आणि पडद्यावर ती ते झेलत असे. शेवटी स्वतः मॅके पडद्यामागे जात आणि रेखाचित्र होऊन तिच्या पाठीवर बसून निघून जात.

१०/
गर्टीची प्रत्येक हालचाल मॅकेंनीच काढलेली होती. तिचा हट्टही त्यांनीच काढलेला. तरीही प्रेक्षकाला ती स्वतःच्या मर्जीची वाटते, कारण ती अवज्ञा करते. निर्जीवात जीव आला हे कशावरून ओळखायचे, तर तो जीव सांगितलेले ऐकत नाही यावरून! रशियन दिग्दर्शक सर्गेई आयझेनस्टाइन यांनी १९४० च्या दशकात डिस्नेविषयी टिपणे करताना या सजीव रेषेच्या कोणताही आकार घेण्याच्या शक्तीला एक नाव दिले होते. ती ‘द्रवरूप’ असते, साच्यात गोठायला नकार देते, असा त्याचा आशय. बुकॅटमन ती कल्पना घेतात आणि तिला अवज्ञेची जोड देतात. त्यांच्या साऱ्या लेखनातील हा सर्वांत मोलाचा भाग आहे.

११/
आता गर्टीच्या धन्याचे काय झाले ते पाहावे.

१९११ पासून मॅके वृत्तपत्रसम्राट विल्यम रँडॉल्फ हर्स्ट यांच्या नोकरीत होते. हर्स्टना हे रंगमंचाचे आणि हलत्या चित्रांचे खूळ पसंत नव्हते. आपला भारी पगाराचा चित्रकार आपल्याच कचेरीत बसला पाहिजे, असा त्यांचा हिशेब. संपादक आर्थर ब्रिस्बेन यांच्या अग्रलेखांसाठी गंभीर, उपदेशपर चित्रे काढण्याचे काम मॅकेंच्या गळ्यात पडले. रंगमंचावरील प्रयोगांवर आधी मर्यादा आली आणि पुढे ते सुटलेच. नेमोची मालिकाही थांबली.

१२/
मॅकेंनी एकदा आडवाट काढली. मे १९१५ मध्ये जर्मन पाणबुडीने ‘लुसिटानिया’ हे प्रवासी जहाज बुडवले आणि सुमारे १,२०० माणसे गेली. हर्स्टची वृत्तपत्रे अमेरिकेने युद्धात उतरण्याच्या विरोधात होती. मॅके मात्र संतापले. कचेरीचे काम सांभाळून, स्वतःच्या पैशाने आणि मोजक्या साहाय्यकांच्या जोरावर त्यांनी जवळजवळ दोन वर्षे खपून, सुमारे २५,००० चित्रांतून जहाज बुडण्याचा तो चित्रपट केला. तो १९१८ मध्ये आला. तोवर अमेरिका युद्धात उतरून वर्ष झाले होते.

१९२४ मध्ये त्यांनी हर्स्टना सोडून नेमोला पुन्हा जागवले. ते दोन वर्षे टिकले आणि मॅके पुन्हा हर्स्टकडे परतले. १९३४ मध्ये त्यांचे निधन झाले तेव्हा ते अग्रलेखांचीच चित्रे काढत होते. ज्याच्या रेषेने कुणाचे ऐकले नाही, त्याला स्वतःला आयुष्यभर कचेरीचे ऐकावे लागले.

१३/
मॅकेंनंतरच्या वीस वर्षांत कॉमिक्सची पुस्तके आली, सुपरमॅन १९३८ मध्ये आला आणि पाठोपाठ फिर्यादी पक्षही आला. १९५४ साली मानसोपचारतज्ज्ञ फ्रेडरिक वर्थम यांचे ‘सिडक्शन ऑफ द इनोसंट’ प्रसिद्ध झाले. बालगुन्हेगारीच्या वाढीत कॉमिक्सचा हात आहे, असा त्यांचा आरोप होता. त्याच वर्षी सिनेटच्या उपसमितीपुढे सुनावणी झाली आणि वर्षअखेरीस प्रकाशकांनी स्वतःवर आचारसंहिता लादून घेतली. संशोधक कॅरल टिली यांनी पुढे वर्थम यांची मूळ कागदपत्रे तपासली आणि मुलांच्या जबान्या त्यांनी ठिकठिकाणी बदलल्या, फुगवल्या असल्याचे २०१२ मध्ये दाखवून दिले. पण निकाल तर केव्हाच लागून गेला होता. कॉमिक्स म्हणजे मुलांना बिघडवणारी वस्तू, एवढेच कित्येक वर्षे सुशिक्षितांच्या मनात राहिले.

१४/
म्हणूनच १९९३ मध्ये बुकॅटमन यांचे पहिले पुस्तक ‘टर्मिनल आयडेंटिटी’ एका विद्यापीठीय प्रकाशनसंस्थेकडून, ड्यूककडून आले, तेव्हा त्यात कादंबऱ्या, चित्रपट, कॉमिक्स आणि तत्त्वज्ञान यांना एकाच पंक्तीत बसवलेले पाहणे नवे होते. ‘ब्लेड रनर’, ‘ट्रॉन’, ‘व्हिडिओड्रोम’, विल्यम गिब्सन यांची ‘न्यूरोमॅन्सर’ ही सारी त्या पुस्तकाची सामग्री. ‘टर्मिनल’ या शब्दावर त्यांनी श्लेष साधला : शेवट, आणि संगणकाचा पडदा. पडद्यासमोर बसलेल्या माणसाचे जुने ‘मी’पण तेथे संपते आणि नवे तेथेच सुरू होते. वर्ल्ड वाइड वेब सर्वांसाठी खुले झाले तेही १९९३ सालीच. पुस्तकाची भाषा त्या काळातल्या फ्रेंच सिद्धान्तांनी जडावलेली आहे आणि आज काही पाने दमवतात. पण माणूस सतत पडद्याला जोडलेला राहील आणि विज्ञानकथा त्याची मानसिक तालीम घेते आहे, हे त्यात पुरेसे स्पष्ट म्हटलेले आहे.

१५/
पुढे त्यांची नजर स्पेशल इफेक्ट्सकडे वळली. समीक्षक बहुधा ‘कथा नाही, नुसती करामत आहे’ म्हणून यांची बोळवण करतात. बुकॅटमन यांनी डग्लस ट्रम्बुल यांचे काम घेतले : ‘२००१ : अ स्पेस ओडिसी’, ‘क्लोज एन्काउंटर्स’, ‘ब्लेड रनर’. या चित्रपटांत एक विलक्षण गोष्ट घडते. कथा थांबते, पात्रे मान वर करून पाहत राहतात आणि प्रेक्षकही पाहत राहतो. ही थांबण्याची रीत त्यांना सापडली ती एकोणिसाव्या शतकात.

१६/
१७८७ मध्ये रॉबर्ट बार्कर यांनी ‘पॅनोरमा’चा हक्क नोंदवला : गोल इमारतीच्या भिंतीवर चोहोबाजूंनी पसरलेले प्रचंड चित्र आणि मध्ये उभा प्रेक्षक. १८५९ मध्ये न्यूयॉर्कमध्ये फ्रेडरिक चर्च यांचे ‘हार्ट ऑफ द अँडीज’ हे एकच चित्र अंधाऱ्या दालनात, त्यावर तेवढा प्रकाश टाकून, पंचवीस सेंटांच्या तिकिटावर दाखवले गेले. तीन आठवड्यांत बारा हजारांहून अधिक लोक आले. चित्राचे बारकावे टिपण्यासाठी नाटकाच्या दुर्बिणी वापरण्याची शिफारस होती. तिकीट, अंधार, उजळलेला आयत आणि थक्क झालेली गर्दी. चित्रपटगृहात याहून वेगळे काय असते?

१७/
एडमंड बर्क यांनी १७५७ मध्ये ‘उदात्त’ या भावाची मीमांसा करताना कृत्रिम अनंताची कल्पना मांडली होती : माणसाच्या करणीनेही अनंताचा भास निर्माण होऊ शकतो. तीच संज्ञा बुकॅटमन यांनी आपल्या १९९५ च्या निबंधाच्या शीर्षकासाठी घेतली. पर्वत आणि धबधबे यांच्यासमोर एकेकाळी जे भय आणि विस्मय वाटे, ते यंत्रयुगात तंत्रज्ञानासमोर वाटू लागले. ‘ब्लेड रनर’च्या सुरुवातीचे, ज्वाळा ओकणारे, क्षितिजापर्यंत पसरलेले लॉस एंजेलिस पाहताना हे पटते. माणूस तेथे चिमुकला होतो, तरी त्याला उडत्या वाहनात बसवून त्या शहरावरून फिरवलेही जाते. शक्तिहीन झाल्याचे दुःख आणि शक्ती मिळाल्याचा भास, एकाच दृश्यात.

१८/
२००३ च्या ‘मॅटर्स ऑफ ग्रॅव्हिटी’त हा निबंध आहे आणि सुपरहिरोही आहेत. तेथील निरीक्षण साधे, पण एकदा वाचले की डोक्यातून जात नाही. १८११ च्या आराखड्याने मॅनहॅटन काटकोनात कापले गेले. रस्ते सरळ, चौक समान, माणूस त्या जाळीतला एक ठिपका. कॉमिक्सचे पानही तसेच चौकटींचे. सुपरमॅन त्या जाळीवरून उडतो, स्पायडरमॅन तिच्यातून झोके घेत जातो. संगीतिकांमध्ये फ्रेड अस्टेअर वा जीन केली त्याच रस्त्यावर नाचू लागतात. बुकॅटमन यांना हे सगळे एकाच जातीचे वाटतात. टेलरच्या घड्याळाने शिकवलेली चाल हे कुणीच चालत नाहीत.

१९/
मग पडद्यावर सुपरहिरोंची लाट आल्यावर या माणसाने आनंदाने नाचायला हवे होते. झाले उलटेच. आपल्याला सुपरहिरोंचे चित्रपट का आवडत नाहीत, हेच सांगणारा निबंध त्यांनी २०११ मध्ये ‘सिनेमा जर्नल’मध्ये लिहिला. संगणकाने घडवलेल्या देहांना वजन नाही आणि वजनच नसेल तर त्यावर मात केल्याचा आनंद कुठला, असा त्यांच्या तक्रारीचा रोख. चाहत्याने चाहतेपण न लपवता आणि न विकता लिहावे कसे, याचा तो चांगला नमुना आहे.

२०/
आता एक हरकत, आणि ती हलकी नाही. उडण्याचे, चौकट मोडण्याचे हे स्वातंत्र्य कोणत्या शरीराला होते? नेमोच्या निद्रानगरीत ‘इम्पी’ नावाचे एक पात्र आहे : गवताचा घागरा नेसवलेला, जाड ओठांचा, अगम्य बडबड करणारा कृष्णवर्णीय. त्या काळच्या वर्णद्वेषी व्यंगचित्रांचा तो हुबेहूब साचा. मॅकेंची रेषा कोणत्याही आकारात जाऊ शकत होती. या एका चेहऱ्यापाशी येऊन मात्र ती गोठली.

२१/
पुढची कडी १९५३ सालची. ईसी कॉमिक्सने ‘जजमेंट डे’ ही विज्ञानकथा छापली. लेखन अल फेल्डस्टाइन यांचे, चित्रे जो ऑर्लँडो यांची. पृथ्वीचा एक प्रतिनिधी यंत्रमानवांच्या ग्रहावर येतो. तेथे नारिंगी आणि निळे यंत्रमानव आतून अगदी सारखेच असूनही निळ्यांना वेगळ्या वस्तीत, हलक्या कामांवर ठेवलेले आहे. तो त्या ग्रहाला अपात्र ठरवून परततो. शेवटच्या चौकटीत तो शिरस्त्राण काढतो, तेव्हा वाचकाला प्रथमच कळते की तो कृष्णवर्णीय आहे. १९५६ मध्ये ही कथा पुन्हा छापायला घेतली, तेव्हा आचारसंहितेच्या प्रशासकाने नेमक्या त्याच गोष्टीला आक्षेप घेतला : अंतराळवीर कृष्णवर्णीय नको. प्रकाशक विल्यम गेन्स यांनी भांडून ती जशीच्या तशी छापली. ईसीने काढलेल्या अगदी शेवटच्या कॉमिक्स-पुस्तकांपैकी ते एक ठरले.

२२/
दहा वर्षांनी, १९६६ मध्ये, स्टॅन ली आणि जॅक कर्बी यांनी ‘फँटॅस्टिक फोर’च्या ५२ व्या अंकात ब्लॅक पँथर आणला : आफ्रिकेतल्या एका देशाचा राजा, ज्याचा देश तंत्रज्ञानात अमेरिकेच्याही पुढे आहे. २०१८ मध्ये रायन कूगलर यांचा चित्रपट आला आणि २०२२ मध्ये बुकॅटमन यांनी त्यावर एक छोटे पुस्तक लिहिले. सुपरहिरोंच्या चित्रपटांना कंटाळल्याचे जाहीरपणे सांगणारे हेच लेखक! त्यांच्या आधीच्या पुस्तकांत या प्रश्नाला मिळालेली जागा तुटपुंजी आहे. इम्पीपासून वाकांडापर्यंतची रेघ त्यांनी स्वतः सलग ओढली असती, तर स्लम्बरलँडवरचे पुस्तक आणखी मोठे झाले असते.

२३/
२०१६ चे ‘हेलबॉइज वर्ल्ड’ हे त्यांचे सर्वांत निवांत पुस्तक. माइक मिन्योला यांच्या हेलबॉयच्या काळ्याभोर, जवळजवळ शिल्पासारख्या स्थिर पानांवर ते थांबून राहतात. येथे गती नाही, स्फोट नाही; पुस्तक मांडीवर घेऊन एकाच पानाकडे हवा तितका वेळ पाहत बसणे आहे. चित्रपट वाचकाला ही मुभा देत नाही, त्याचे घड्याळ त्याच्याकडेच असते. कॉमिक्सचे घड्याळ वाचकाच्या हातात.

२४/
या लेखकाकडे वळायचे असेल, तर ‘टर्मिनल आयडेंटिटी’पासून सुरुवात करू नये, ते तिसरे किंवा चौथे वाचावे. ‘ब्लेड रनर’वरचे त्यांचे १९९७ चे छोटेखानी पुस्तक आधी घ्यावे, मग स्लम्बरलँड. आणि त्याही आधी मॅकेंची मूळ पाने पाहावीत. सॅमीची शिंक, नेमोचा चालता पलंग आणि तळ्याचे पाणी एका दमात पिऊन टाकणारी गर्टी, सारे आज आंतरजालावर सहज सापडते. गर्टी जेमतेम बारा मिनिटांची आहे.